वजनकाट्याला चव कळत नाही

मित्रांनो, मी एक जुना वजनकाटा आहे. दुकानात टेबलावर बसून हिरवे आकडे लुकलुकवणारा आणि वीज गेली की डोळे मिटणारा, तसला नव्हे. मी अस्सल लोखंडाचा आहे. खाली रुंद फळी, मागे उभा खांब, खांबाच्या डोक्यावर पितळी दांडी आणि दांडीवर मागेपुढे सरकणारं वजन. फळीवर माल ठेवायचा, वजन सरकवायचं आणि दांडी स्थिर झाली की आकडा वाचायचा. हे काम मी जन्मभर केलं आणि ते कधीही चुकवलं नाही. यात थोडी बढाई आहे, नाही असं नाही. पण पुढे जे घडलं त्यात माझा एकही आकडा चुकीचा नव्हता, हे तुम्हाला आधीच ठाऊक असलेलं बरं.

माझा जन्म ओतकामाच्या कारखान्यात झाला. भट्टीतून साच्यात, साच्यातून कानशीखाली, असं सोसत सोसत मी आकाराला आलो. मला जुळवणारा कारागीर गमत्या होता. दांडी बसवून झाल्यावर त्याने आपला जेवणाचा डबा माझ्यावर ठेवला. मग तो जेवला आणि रिकामा डबा पुन्हा ठेवला. दांडी खाली आली तसा तो शेजाऱ्याला म्हणाला, "बघ, मी किती खाल्लं तेही याला कळतं. माझ्या बायकोपेक्षा चोख निघाला हा!" ती माझी पहिली शाबासकी. त्या शाबासकीवर मी पुढची कित्येक वर्षं काढली.

तिथून मला फळांच्या शेडमध्ये आणलं. समोर डोंगराचा लांबलचक उतार होता आणि उतारावर शेंड्यापर्यंत आलुबुखाराच्या बागा होत्या. शेड पायथ्याशी होती. वर पत्रे, खाली फरशी, मध्ये फळं निवडायची लांब टेबलं आणि कोपऱ्यात क्रेटची थप्पी. माझी जागा मोठ्या दरवाजाशी. त्यामुळे येणारा प्रत्येक जण आधी मला भेटायचा आणि मला सगळा उतार दिसायचा.

हंगाम सुरू झाला की शेडमध्ये पाय ठेवायला जागा नसायची. लाल, जांभळी, पिवळी फळं क्रेट भरभरून यायची. फळांच्या अंगावर पांढुरका मुलामा असायचा आणि हात लागला की बोटांचे ठसे उमटायचे. गांधीलमाश्या घोंघावायच्या. माणसं त्यांना हाकलत, एकमेकांच्या खोड्या काढत, "माझं आधी घ्या" म्हणून भांडत रांगेत उभी राहायची. संध्याकाळी ट्रक भरून निघाला की फरशी धुतली जायची, तरी गोड वास पत्र्यांखाली कोंडून राहायचा.

माझा ताबा मापाडीबाईंकडे होता. त्यांच्या आधी त्यांचे वडील मापाडी होते, आणि वडिलांच्या माघारी बाईंनी ते काम असं काही उचललं की बाप्या माणसांची कुरकुर एका आठवड्यात बंद झाली. रोज सकाळी शेड उघडल्यावर त्या आधी स्वतः माझ्या फळीवर उभ्या राहायच्या. "माझं वजन मला पाठ आहे," त्या सांगायच्या. "आज जास्त भरलं तर एक तर मी जाड झाले, नाहीतर दांडी बिघडली. आणि मी काही जाड होत नसते!" मग मला जुन्या सदऱ्याच्या मऊ कापडाने पुसायच्या. मला त्यांचा फार लळा होता, हे सरळ सांगून टाकतो.

बाईंचा थोरला भाऊ म्हणजे दादा. वडिलांची बाग त्याच्याकडे होती, उताराच्या अगदी मध्यावर. दादाचा आवाज असा की तो वळणावर असतानाच शेडला कळायचं. पण हात फार हळुवार. त्याच्या क्रेटमधलं वरच्या थरातलं फळ कधी दबलेलं नसायचं. लोक ठासून भरत, तो चार बोटं जागा सोडायचा. बाई चिडवायच्या, "दादा, तू फळं आणतोस की अंडी?" तो म्हणायचा, "तू आपलं वजन कर. चव मी बघतो."

हंगाम संपला की शेतीखात्याचं ऑफिस सगळ्या शेडचे आकडे गोळा करायचं आणि देशाचा आकडा रेडिओवर सांगितला जायचा. आलुबुखाराचं उत्पादन यंदा वाढलं, पुढच्या वर्षी आणखी वाढलं, त्याच्या पुढच्या वर्षी त्याहून वाढलं. दरवर्षी शेडमध्ये टाळ्या पडायच्या. दादा माझ्या खांबावर थाप मारून म्हणायचा, "ऐकलंस का रे लोखंड्या? त्यात आपलंही आहे." माझी छाती फुगायची. लोखंडाची छाती फुगत नाही म्हणता? तुम्ही तेव्हा तिथे नव्हता.

आता एका छोट्या फळाची ओळख करून देतो, कारण पुढचं सगळं त्याच्यावर आहे. प्रत्येक बागेभोवती काटेरी झुडपांचं कुंपण असायचं. आलुबुखाराचीच ती रानटी भावंडं. त्यांना थंडीच्या तोंडावर बोराएवढी निळीकाळी फळं लागायची. दिसायला सुरेख, पण तोंडात टाकलं की जीभ टाळूला चिकटायची आणि डोळे आपोआप मिटायचे. कुंपणाला लागते म्हणून सगळे तिला कुंपणी म्हणत. ती कुणी विकत नसे. सरबत करणारी एक म्हातारी हंगामाच्या शेवटी एखादं पोतं आणायची, तेवढंच. ते पोतं कुठे मांडायचं असं बाईंनी ऑफिसला विचारलं, तेव्हा उत्तर आलं की दोन्ही एकाच कुळातली, दोन्ही एकाच रकान्यात धरा. ट्रकभर आलुबुखारात एक पोतं कुंपणी! कुणी मनावर घेतलं नाही. मीही नाही. मला कुठे चव कळते?

आणि मग रोग आला.

आधी पानांवर फिकट गोल उमटले. "उन्हाने असेल," लोक म्हणाले. दुसऱ्या वर्षी ते गोल फळांवर आले. आतला गर तपकिरी पडायला लागला, त्यात डिंक भरायला लागला, आणि पिकायच्या आधीच फळं झाडाखाली सडा घालू लागली. वरच्या अंगाच्या बागा पहिल्यांदा गेल्या. रांगेतली माणसं कमी झाली. ज्यांनी "माझं आधी घ्या" म्हणून भांडणं केली ती आता दोन क्रेट घेऊन यायची, मुकाट्याने ठेवायची आणि माझ्या दांडीकडे न बघताच निघून जायची. माझं सरकतं वजन दांडीच्या सुरुवातीलाच घुटमळायला लागलं.

ऑफिसचा एक नियम होता. शेडमध्ये आलेला माल ठरलेल्या वजनाच्या खाली गेला की शेड बंद. मग ट्रक येणार नाही, मापाडीचा पगार नाही, आणि उरलेल्या बागवाल्यांनी माल डोक्यावर घेऊन कुठे जायचं ते त्यांनीच बघायचं. पलीकडच्या गावाची शेड अशीच बंद झाली होती. तिथल्या दरवाजाला कुलूप लागलं आणि वर्षभरात पत्रेही कुणी नेले.

म्हणून एका दुपारी सगळे बागवाले शेडमध्ये जमले. टेबलं रिकामीच होती, त्यावर बसले. मग दादाच म्हणाला, "ऑफिसला वजन हवंय ना? मग देऊ वजन. कुंपणी आणू."

"कुंपणी?" एक जण म्हणाला. "ती खाणार कोण?"

"सरबताचा कारखाना घेतोय. चिल्लर देतोय, पण घेतोय. आणि रकाना एकच आहे. वजन भरलं की शेड चालू. शेड चालू राहिली तर आपले उरलेले आलुबुखार तरी जातील."

बाई माझ्या खांबाला टेकून उभ्या होत्या. "पण दादा, त्यात आलुबुखार किती ते कुणाला कळणारच नाही."

"न कळू दे. आपल्याला माहीत आहे ना?"

त्या बैठकीत मला ते शहाणपणाचं वाटलं. कुणालाच त्यात खोट दिसली नाही. खोटं कुणी बोलतच नव्हतं. पोतं खरं होतं, वजन खरं होतं, रकानाही ऑफिसनेच दिलेला होता.

त्या वर्षापासून उतारावरची कामाची रीत बदलली. पूर्वी हिवाळ्यात प्रत्येक जण आपलं कुंपण कमरेएवढं छाटायचा. आता छाटणी बंद झाली, कारण जितकं झुडूप मोठं तितकी कुंपणी जास्त. कुंपणं डोक्यापेक्षा उंच झाली, बागेच्या आत शिरली, मेलेल्या झाडांच्या जागा धरून बसली. थंडीत घरंच्या घरं ती काढायला जायची. बायामाणसांचे हात कोपरापर्यंत ओरबाडलेले असायचे. पोती माझ्यावर आदळायची आणि माझी दांडी पूर्वीसारखी झुलायची. रेडिओवर आलं, "आलुबुखाराचं उत्पादन स्थिर." शेडमध्ये हशा पिकला. त्या हशाला आता गोड वास नव्हता.

मधल्या काळात बागवाले ऑफिसकडे तोंड वेंगाडून थकले. रोग बघायला माणूस पाठवा, निरोगी रोपं द्या, औषध असेल तर सांगा. उत्तर एकच यायचं, की ज्या भागात उत्पादन घटलंय त्यांना आधी. तुमच्याकडे घट नाही.

शेवटी एक साहेब आला. तरुण होता, बुटांना चिखल लागला तरी कुरकुरला नाही. दादाबरोबर उतार चढून गेला आणि उतरला तेव्हा त्याचा चेहरा उतरला होता. बाईंनी त्याला पाणी दिलं. पेला हातात धरून तो म्हणाला, "हे मी काय बघून आलो? आमच्याकडे तर तुमची शेड चांगल्या शेडमध्ये आहे."

"वजन बरोबर आहे, साहेब," बाई म्हणाल्या.

"वजन बरोबर असेल. पण हा रोग मावा नावाची बारीक कीड पसरवते, आणि मावा या झुडपांवर मुक्कामाला आहे. तुमचं कुंपणच तुमची झाडं खातंय. सगळी कुंपणं मुळापासून काढायला हवीत." मग आवाज खाली आणून तो म्हणाला, "एक करा. आलुबुखार किती आणि कुंपणी किती, हे मला वेगवेगळं सांगा. मी तसंच वर देतो. घट दिसली की माणसं येतील, रोपं येतील. दादांच्या खालच्या ओळी अजून निरोगी आहेत, त्या वाचतील."

"आणि शेड?" बाईंनी विचारलं.

साहेबाने पाणी न पिताच पेला खाली ठेवला. तेच उत्तर होतं.

तुम्हाला सांगायला हवं, बाईंचे यजमान लवकर गेले होते. एकच मुलगी, ती शहरात नर्सिंग शिकत होती आणि तिचं शेवटचं वर्ष उरलं होतं. शेड बंद झाली असती तर ते वर्ष कशावर काढायचं? बाई दादाला बाजूला घेऊन गेल्या. बाजूला म्हणजे माझ्यापाशीच. माझ्यापासून लपवायचं काय कारण?

"दादा," त्या म्हणाल्या, "एक हंगाम थांबशील?"

दादा दरवाजातून वर बघत राहिला. वडिलांनी लावलेल्या खालच्या ओळी तिथून स्वच्छ दिसत होत्या. त्यांची पानं अजून हिरवीगार होती. एवढ्या मोठ्या आवाजाचा माणूस, पण त्या दिवशी इतकं हळू बोलला की मलाच कसंतरी झालं.

"पोरीचं शेवटचं वर्ष ना?"

"हो."

"थांबू मग. एका हंगामाने काय होतंय?"

साहेबाला त्यांनी सांगितलं, पुढच्या वर्षी वेगळे आकडे नक्की सांगतो आणि कुंपणंही काढतो. साहेबाने टोपी घातली, जाताना माझ्याकडे एकदा बघितलं आणि गेला. मित्रांनो, मला त्या क्षणी तोंड असतं तर मी ओरडलो असतो. पण वजनकाट्याला विचारल्याशिवाय बोलता येत नाही, आणि विचारलं तरी तो फक्त किती ते सांगतो. कशाचं, ते नाही.

एका हंगामाने काय होतं, ते सांगतो. दादाच्या खालच्या ओळींवर वसंतात पहिला गोल दिसला. पावसाळ्यापर्यंत एक पान स्वच्छ राहिलं नाही. फळं धरली ती बहुतेक गोटीएवढी होऊन गळली. हंगामात दादा एकच क्रेट घेऊन आला. तोही अर्धा. वरचा थर नेहमीसारखा न दाबलेला, पण प्रत्येक फळावर तो फिकट गोल. बाईंनी क्रेट फळीवर ठेवला. दादा म्हणाला, "कर वजन." बाईंचे हात उचलेनात. मग त्यानेच माझं वजन सरकवलं, आकडा बघितला आणि निघून गेला. त्या दिवसानंतर तो बहिणीशी बोलेनासा झाला. रागावलाही नाही, भांडलाही नाही. बोलणंच संपलं. मला ते भांडणाहून वाईट वाटलं.

हिवाळ्यात त्याने झाडं उपटून जाळली. धूर सरळ शेडमध्ये आला. बाई दिवसभर दरवाजा उघडा ठेवून तिथेच बसल्या.

मुलगी पास झाली. शहरातल्या दवाखान्यात लागली. बाईंनी पेढे, मिठाई काही वाटलं नाही.

मग त्यांनी ऑफिसात जाऊन सगळं वेगवेगळं सांगितलं. साहेबाने शब्द पाळला, रकाने दोन झाले. पण आता घट मोजायलाही आलुबुखार शिल्लक नव्हते. आणि ऐका, त्याच वर्षी सरबताच्या कारखान्याने मागणी वाढवली, ऑफिसने कुंपणीला वेगळं पीक मानलं, आणि साहेब खालमानेने सांगायला आला की शेड बंद होणार नाही. नुसत्या कुंपणीवरही ती चालेल. बाई खाली फरशीवर बसल्या. ज्या शेडसाठी बाग गेली, ती शेड तशीही चालणारच होती. रेडिओवर बातमी आली की कुंपणीच्या उत्पादनात विक्रमी वाढ. बाईंनी उठून रेडिओ बंद केला.

साहेबाने जाताना आणखी एक गोष्ट सांगितली. डोंगराच्या पलीकडच्या खोऱ्यात आलुबुखार अजून निरोगी आहेत. वारा इकडून तिकडे वाहतो. मावा वाऱ्यावर जातो.

दुसऱ्या दिवशी सकाळी शेड उघडलीच नाही. दरवाजाच्या फटीतून मला उतार दिसत होता. बाई कुऱ्हाड घेऊन दादाच्या कुंपणाशी उभ्या होत्या आणि घाव घालत होत्या. काटे अंगभर. कुऱ्हाड धरायची सवय नाही, घाव नीट बसेना. बऱ्याच वेळाने दादा घरातून बाहेर आला. त्याने बहिणीच्या हातातली कुऱ्हाड काढून घेतली, आणि तो मोठा आवाज कित्येक महिन्यांनी माझ्यापर्यंत आला.

"मुळात घाव घाल गं, वर काय घालतेस! वर तोडलं तर दुप्पट फुटतं."

दोघांनी मिळून ते कुंपण काढलं. मग शेजारचं. काही बागवाले शिव्या देत आले. "आमच्या पोटावर पाय देताय," म्हणाले, आणि ते खोटं नव्हतं. काही शिव्या देऊन परत गेले, काही थांबले आणि कुदळी घेऊन आले. हिवाळा संपेपर्यंत निम्मा उतार बोडका झाला. पुढच्या हंगामात माझ्यावर जेमतेम काही पोती आली आणि शेड खरोखरच बंद झाली. दादा आणि बाई मुलीकडे शहरात गेले. पलीकडच्या खोऱ्यातली झाडं वाचली की नाही, ते मला माहीत नाही. मला तिकडचं दिसत नाही.

बाईंनी जाताना मला पुसलं, पण नेता कुठे येणार? मग भंगारवाला आला. त्याने मला चौघांकडून उचलून एका चकचकीत काट्यावर ठेवलं. हिरवे आकडे लुकलुकले. "लोखंड," तो म्हणाला, आणि पितळी दांडीही त्यातच धरली. वजन अगदी बरोबर होतं. मी स्वतः खात्री देतो.

आता मी इथे तुटक्या नळांच्या आणि पलंगाच्या पायांच्या ढिगात पडून आहे. भट्टीची वाट बघतोय. म्हणून जाण्याआधी एवढंच मागतो. उद्या तुम्ही मोठे व्हाल, तुमच्यापुढे मोठमोठ्या बेरजा येतील. सगळं स्थिर आहे, सगळं वाढतंय, असं तुम्हाला सांगितलं जाईल. तेव्हा नुसतं किती ते विचारू नका, कशाचं तेही विचारा. एखादं फळ हातात घ्या, चावून बघा. ते काम माझ्यासारख्याला जमत नाही, तुम्हालाच करावं लागेल.

आणि पानावर पहिला गोल दिसला, तर एक हंगामही थांबू नका. दादा थांबला होता.